मांडवाचा हिशेब : बेळगुंदी परिसरातील लग्नसजावट, डहाळ्यांपासून डेकोरेटरपर्यंत

‘मुहूर्तमेढ रोवली’ हे शब्द आज आपण शाळा, पतसंस्था, साखर कारखाना, कशालाही वापरतो. मूळ अर्थ अगदी अंगणातला आहे. मेढ म्हणजे लाकडी खांब. चांगली वेळ बघून लग्नघरापुढं मांडवाचा पहिला खांब पुरायचा, त्याला आंब्याचा डहाळा बांधायचा, हळदकुंकू लावायचं, आणि मग बाकीच्या मांडवाला हात घालायचा. लग्नाची सजावट म्हणून आपल्याकडं जे काही होतं, त्याची सुरुवात इथून होते.

हा विषय निघाला तो एका साध्या प्रश्नावरून. आमच्या मंडळातली दोन-तीन पोरं पुण्यात आणि बेंगळूरला नोकरीला आहेत. तिकडचे डेकोरेटर ‘पारंपरिक थीम’ नावाचं पॅकेज देतात : केळीचे खांब, झेंडूच्या माळा, पितळी समया, मागं फुलांची भिंत. पोरांनी विचारलं, आपल्या गावात पूर्वी असंच असायचं का, आणि त्याला किती खर्च यायचा? उत्तर द्यायला बसलो तेव्हा लक्षात आलं, की प्रश्नाचा दुसरा भाग जास्त अवघड आहे. कारण जुन्या हिशेबात सजावट असा रकानाच सापडत नाही.

बेळगुंदी हे बेळगावच्या पश्चिमेचं गाव. पलीकडं राकसकोप, जिथल्या मार्कंडेय नदीवरच्या जलाशयाचं पाणी बेळगाव शहर पितं. त्याच्याही पलीकडं चंदगड तालुक्यातलं तुडये. 1 नोव्हेंबर 1956 ला राज्यं नव्यानं आखली गेली तेव्हा बेळगुंदी म्हैसूर राज्यात गेली आणि तुडये मुंबई राज्यात राहिलं. सोयरिकी मात्र दोन्हीकडं चालूच राहिल्या, त्यामुळं लग्नाच्या रिवाजात हद्द अशी दिसत नाही. तांबडी माती, भात, रताळी, काजू आणि मागं घाटाकडचं रान. मांडवाचा विचार करताना हे रान विसरून चालत नाही, कारण मांडवाचं सगळं सामान तिथलंच.

आमच्याकडं आणि एकूण कोल्हापूर-बेळगाव पट्ट्यात याला ‘मांडवडहाळे’ म्हणतात. भावकीतली माणसं बैलगाडी घेऊन जायची. आंबा, जांभूळ, उंबर यांचे डहाळे तोडून गाडीत भरायची. बैलांना सजवलेलं, पुढं वाजंत्री, गाडी वेशीतून वाजतगाजत लग्नघरी. डहाळे आणणाऱ्यांचा मान असायचा. मग बांबू-मेढींवर ते पसरून सावली करायची. जांभळाचा आणि आंब्याचा पाला दाट असतो, लवकर गळत नाही, वैशाखातल्या दुपारीही खाली गारवा राहतो. म्हणजे मुळात ही सजावट नव्हे, छप्पर आहे. ते हिरवं आणि देखणं दिसायचं, ही वरकड कमाई. लग्न झाल्यावर बांबू ज्याचे त्याच्याकडं परत, पाला जनावरांपुढं नाहीतर उकिरड्यात.

पैसे कुठं लागले? रोख जवळजवळ नाहीच. पण म्हणून मांडव फुकट होता असं म्हणणाऱ्यांशी माझं पटत नाही. सुतारानं पाट-चौरंग द्यायचे, कुंभारानं मडकी, परटानं पायघड्या घालायच्या, गुरवानं पत्रावळी-द्रोण, वाजंत्र्यांनी वाजवायचं. हे सगळं बलुत्याच्या नात्यानं. त्याचा मोबदला सुगीत धान्याच्या रूपानं मिळायचा, आणि तो किती हे ठरवण्यात बलुतेदाराचा आवाज नेहमीच बारीक. जे मांडवासाठी राबले त्यांतले काही जण त्याच मांडवात पंगतीला बसू शकत नव्हते. जुन्या मांडवाच्या आठवणी काढताना हा हिशेब गाळला, तर तो इतिहास नव्हे, नुसता फोटो होतो. म्हैसूर राज्यानं 1961 साली गावकीची वंशपरंपरागत वतनं रद्द करणारा कायदा केला. कायद्यानं एका दिवसात काही बदललं नाही, पण हळूहळू माणसं गावकीच्या कामातून सुटली, शहरात रोजगाराला गेली. मांडव महाग व्हायला तिथून सुरुवात झाली, आणि त्यात वाईट काही नाही. कामाला दाम मिळू लागला, एवढंच.

दुसरी गोष्ट देवकाची. मराठा आणि इतर अनेक समाजांत प्रत्येक कुळाचं देवक ठरलेलं : कुणाचं कळंब, कुणाचं वड, कुणाचं उंबर, कुणाचं मोराचं पीस, कुणाचं शंख. पंचपालवी म्हणजे पाच झाडांची पानं हे पुष्कळांचं देवक. लग्नाआधी ते वाजतगाजत आणून मांडवात बसवायचं, त्याची पूजा करायची. (हलशीवर ज्यांची सत्ता होती त्या कदंब राजांचं नावही या कळंबाच्या झाडावरूनच आलेलं, हे हलशीला जाऊन आलेल्या वाचकांना सांगायला नको.) म्हणजे मांडवातल्या पानाफुलांपैकी जे खरोखर अत्यावश्यक होतं, ते मूठभर होतं आणि ते कुठल्याही बाजारात विकत मिळत नव्हतं. डेकोरेटरच्या पारंपरिक पॅकेजात देवक नसतं. ते भटजीबुवांच्या किंवा घरातल्या म्हाताऱ्या बाईच्या पिशवीतून येतं.

आणि फुलं? फुलं होती, पण माणसांच्या अंगावर, भिंतीवर नव्हेत. नवरानवरीचे हार, मुंडावळ्या, बायकांच्या डोक्यात अबोलीचे आणि मोगऱ्याचे गजरे, दारावर झेंडू-आंब्याचं तोरण. बस्स. त्यातही ज्याला आपण अस्सल देशी समजतो तो झेंडू मूळचा मेक्सिकोकडचा. पोर्तुगिजांबरोबर इकडं आला असं मानतात. निशिगंध, म्हणजे आपली गुलछडी, तीही मेक्सिकोचीच. शेवंती चीनकडची. तेव्हा ‘जरबेरा परका आणि झेंडू आपला’ या वादात मी पडत नाही. जरबेरा दक्षिण आफ्रिकेतून आला आणि उशिरा आला, फरक एवढाच. परसात येतं की पॉलिहाऊसमध्ये, हा खिशाच्या दृष्टीनं त्याहून मोठा फरक.

मग जुन्या लग्नात माणसं कर्जबाजारी कशानं व्हायची? सोयरीक ठरताना जी यादी व्हायची ती पाहावी. शालू, पातळं, मानपानाचे आहेर, दागिने, भांडी, हुंडा, जेवणावळी, वरात. मांडव असलाच तर एका ओळीत : मांडवखर्च वधूपक्षाकडे. ब्रिटिश काळातल्या मुंबई इलाख्याच्या गॅझेटियर मालिकेत (बेळगावचा खंड 1884 चा) जातवार नोंदी आहेत, आणि या मालिकेत लग्नाचा खर्च टिपायची पद्धतच होती. साहेबांना या खर्चाचं कुतूहल होतं, त्याला कारण होतं. 1875 साली पुणे-नगर भागात शेतकऱ्यांनी सावकारांविरुद्ध दंगे केले. त्यावर नेमलेल्या आयोगापुढं नेहमीचं स्पष्टीकरण आलं, की कुणबी लग्नात पैसा उधळतो म्हणून बुडतो. आयोगानं ते पूर्ण मानलं नाही. ऐपतीच्या मानानं खर्च जास्त असतो हे कबूल, पण असे प्रसंग आयुष्यात क्वचित येतात, आणि सगळ्या वर्षांचा मेळ घातला तर शेतकऱ्यानं हौसेवर एवढं खर्चणं काही गैर नाही, असा त्याचा निष्कर्ष होता. बेळगाव त्या दंग्याच्या जिल्ह्यांत नव्हतं, तरी शेतकऱ्याच्या लग्नाला नाकं मुरडणाऱ्यांनी हा अहवाल वाचावा.

त्याच्या दोनच वर्षं आधी, 1873 साली, जोतीराव फुल्यांनी सत्यशोधक समाज काढला आणि त्याच वर्षाच्या डिसेंबरात पहिलं सत्यशोधक लग्न लागलं, भटजीशिवाय आणि अगदी थोडक्यात. तिथंही रोख दक्षिणेवर, कर्मकांडावर आणि देण्याघेण्यावर होता. एकीकडं सरकारी आयोग, दुसरीकडं सुधारक. दोघांच्या डोळ्यांपुढं लग्नाचा खर्च होता, पण ज्यावर आज एका संध्याकाळी मुलीच्या बापाचं वर्षाचं रताळ्याचं उत्पन्न जातं ती स्टेजची सजावट त्या हिशेबात नव्हती.

ती आली कशी, हे आमच्या पिढीनं डोळ्यांनी पाहिलं आहे. आधी घरं बदलली. कौलारू घर आणि पुढं अंगण जाऊन स्लॅबची घरं रस्त्याला लागली, मांडवाला जागा उरली नाही. मग कंत्राटदाराचा कापडी मांडव आला, रंगीत झालरी आणि पत्र्याच्या खुर्च्यांसह. मग लग्नं बेळगावातल्या कार्यालयांत गेली. कार्यालयात छप्पर आयतंच, त्यामुळं मांडवाचं मूळ कामच संपलं. उरली मोकळी भिंत आणि तिच्यापुढचं स्टेज. त्या भिंतीवर आधी थर्माकोलचे मोर आणि गणपती आले. महाराष्ट्रानं 2018 साली थर्माकोलवर बंदी घातली, कर्नाटकात त्याआधीच 2016 ला प्लास्टिकबंदी झाली होती. दोन्हीकडं थर्माकोल कमी झालं आणि त्या जागी कापड व फुलं आली. दरम्यान 2005-06 पासून राष्ट्रीय फलोत्पादन अभियानातून पॉलिहाऊसला अनुदान मिळू लागलं होतं, त्यामुळं जरबेरा, कार्नेशन आणि डच गुलाब जवळच पिकू लागले. आणि मोबाइलवरच्या फोटोंनी बाकीचं काम केलं.

डेकोरेटरचं बिल नीट वाचलं तर फुलांचा पैसा त्यात वाटतो तेवढा नसतो. लोखंडी सांगाड्याचं भाडं, कापड, फुलं खोचायचा हिरवा स्पंज, लाइट, टेम्पो, आणि रात्रभर जागून बांधणाऱ्या पोरांची मजुरी. मोठ्या शहरात हे सगळं चढतं, कारण हॉल मोजक्या तासांसाठी मिळतो, आधीचं लग्न उठल्यावर काही तासांत नवं स्टेज उभं करायचं असतं, आणि बऱ्याच ठिकाणी हॉलनं ठरवून दिलेल्या डेकोरेटरशिवाय दुसऱ्याला आत घेत नाहीत. घासाघीस करायला जागाच नाही. त्यात आपलं पंचांग. चातुर्मासात लग्नं नाहीत, गुरू-शुक्राच्या अस्तात नाहीत, मग सगळ्यांच्या तारखा त्याच आठ-दहा दिवसांत कोंबलेल्या. त्या दिवसांत फुलांचा भाव बाजार ठरवत नाही, मुहूर्त ठरवतो. बेळगावहून फुलं गोव्याला जातात; तिथल्या मोठ्या लग्नांनी माल उचलला की आपल्याच जिल्ह्यातली फुलं आपल्याला चढ्या भावानं मिळतात. रानातल्या जांभळाच्या डहाळ्याला मुहूर्ताचा भाव नव्हता.

पोरांना मी जे सांगितलं ते इथं लिहून ठेवतो. परंपरेसाठी पैसे बाजूला काढायचे असतील तर आधी मेढ, देवक, हार, मुंडावळ्या आणि तोरण यांचे काढा. हे शहरातही फारसं महाग नाही. दाराशी केळीचे खांब, नारळाच्या झावळ्या, आंब्याची पानं. हे गावाकडून येणाऱ्या गाडीत घालून नेता येतं. स्टेजची भिंत हा सगळ्यात मोठा आणि सगळ्यात नवा खर्च, तो शेवटी ठरवा, उरलेल्या पैशात. त्याच दिवशी त्याच हॉलमध्ये दुसरं लग्न असेल तर त्या घराशी बोलून स्टेज वाटून घ्यावं. यात कमीपणा वाटायचं कारण नाही, मांडवाचे बांबू आपण पिढ्यान् पिढ्या वाटूनच वापरले. वरपक्षानं अमुकच डेकोरेशन पाहिजे म्हणून हट्ट धरला, तर मग ते यादीत लिहून घ्या आणि निम्मा खर्च त्यांच्या नावावर टाका. ‘आमच्यात असंच असतं’ या वाक्याला बेळगुंदीच्या इतिहासात तरी आधार नाही.

आणि तारीख लवकर ठरली असेल, तर घरच्या शेतात गुंठाभर झेंडू लावा. पाणी असेल तर लागवडीपासून दीड-दोन महिन्यांत तो फुलायला लागतो.