आचरेकर सर : मालवणच्या मातीतील एक क्रीडागुरू

मालवण तालुक्यातील आचरे हे गाव श्री देव रामेश्वराच्या देवस्थानामुळे आणि गावपळणीच्या आगळ्या प्रथेमुळे सर्वश्रुत आहे. या गावाचे नाव आडनावात वागविणारे आणि १९३२ साली मालवणात जन्मलेले रमाकांत विठ्ठल आचरेकर यांनी पुढे मुंबईच्या शिवाजी पार्कवर क्रिकेटचे जणू गुरुकुलच उभे केले. कोकणातून मुंबईस गेलेल्या चाकरमान्यांच्या पिढ्यांनी तेथील गिरण्या, गोदी आणि कचेऱ्या चालविल्या. आचरेकर सरांनी मैदान चालविले, इतकाच काय तो फरक.

खेळाडू म्हणून सरांची कारकीर्द अल्प होती. १९४३ मध्ये त्यांनी खेळास प्रारंभ केला. पुढे न्यू हिंद स्पोर्ट्स क्लब, यंग महाराष्ट्र, मुंबई पोर्ट अशा संघांतून ते खेळले. प्रथम श्रेणीचा सामना मात्र त्यांच्या वाट्यास अवघा एक आला. तो स्टेट बँकेच्या संघाकडून, १९६३ साली हैदराबादेत, मोईन-उद्-दौला स्पर्धेत. स्वतःची धावसंख्या एवढ्यावर थांबलेला हा मनुष्य इतरांच्या धावा मोजण्यात अर्धशतकाहून अधिक काळ रमला, ही गोष्ट साधी नव्हे. कामत मेमोरियल क्लब हे त्यांच्या साधनेचे स्थान. दादरच्या शारदाश्रम विद्यामंदिराचा संघ त्यांनी असा घडविला, की शालेय क्रिकेटमध्ये त्या शाळेचा दरारा निर्माण झाला.

सरांच्या पद्धतीत व्याख्यानास फारसे स्थान नव्हते. मुलाने सरावाच्या जाळीत तासन्‌तास फटके मारण्यापेक्षा सामने खेळावेत, ही त्यांची धारणा होती. त्यासाठी एका मैदानावरून दुसऱ्या मैदानावर ते शिष्यास आपल्या स्कूटरवर बसवून नेत. सामना चालू असता ते दूर कोठेतरी उभे राहून पाहत आणि चुका मागाहून सांगत. १९८४ साली अजित तेंडुलकर आपल्या अकरा वर्षांच्या धाकट्या भावास घेऊन आले, तेव्हा सरांसमोर त्या मुलाचा खेळ बुजला. अजितने विनंती केली, की आपण निघून गेल्याचे दाखवावे आणि दुरून पाहावे. सरांनी ती मान्य केली व सचिनला प्रवेश मिळाला. मोठ्या गुरूने लहान मुलाच्या संकोचास असा मान द्यावा, हे विशेष आहे.

यष्टीवरील रुपयाची कथा घरोघरी ठाऊक आहे. सरावाच्या अखेरीस सर मधल्या यष्टीवर एक रुपयाचे नाणे ठेवीत. जो गोलंदाज सचिनला बाद करील त्याचे ते नाणे, आणि सचिन नाबाद राहिला तर ते त्याचे. अशी तेरा नाणी सचिनने जन्मभर जपली. रुपयाची किंमत ती काय? परंतु तो मिळविण्यासाठी, अंग थकल्यावरही लक्ष ढळू न देण्याची सवय जडली.

मात्र स्तुतीच्या बाबतीत सर कमालीचे काटकसरी होते. ‘चांगला खेळलास’ हे शब्द सरांच्या तोंडून आपण कधीच ऐकले नाहीत, असे सचिन तेंडुलकर यांनी १६ नोव्हेंबर २०१३ रोजी वानखेडे स्टेडियमवर निरोप घेताना सांगितले. शिष्य सुखावून ढिला पडेल, हे सरांचे भय होते. आपल्या आगमात क्रोध, मान, माया व लोभ हे चार कषाय सांगितले आहेत आणि उत्तम मार्दव हा धर्म मान-कषायाच्या जयासाठीच आहे. सरांनी काही हे शास्त्र अभ्यासिले नव्हते, परंतु कोवळ्या वयात मिळालेली कीर्ती मनुष्यास कशी पोखरते, याची त्यांना पुरती जाण होती.

या जाणिवेची कसोटी फेब्रुवारी १९८८ मध्ये लागली. हॅरिस शील्डच्या उपान्त्य सामन्यात, आझाद मैदानावर, सेंट झेवियर्सविरुद्ध सचिन (नाबाद ३२६) आणि विनोद कांबळी (नाबाद ३४९) यांनी ६६४ धावांची अखंड भागीदारी केली. सर त्या वेळी मैदानावर नव्हते. डाव घोषित करण्याचा निरोप साहाय्यकाकरवी येत होता आणि मुले तो पाहून न पाहिल्यासारखे करीत होती. अखेर २ बाद ७४८ वर डाव घोषित झाला. जगाने त्या पराक्रमाचे कौतुक केले. सरांच्या लेखी डाव घोषित करणे हा संघाचा निर्णय होता, वैयक्तिक आकड्याचा नव्हे.

त्याच छत्राखालील दोन शिष्यांच्या वाटा पुढे वेगळ्या झाल्या. सचिनने शंभर आंतरराष्ट्रीय शतके केली. कांबळी यांनी १९९३ मध्ये लागोपाठच्या दोन कसोटींत द्विशतके ठोकूनही त्यांची कसोटी कारकीर्द सतरा सामन्यांत आटोपली. गुरू एक, मैदान एक, शिस्त एक. तरीही गुरूचा हात कोठवर पुरतो, हा प्रश्न येथे उभा राहतो आणि त्याचे उत्तर केवळ गुरूकडे मागणे न्यायाचे होणार नाही.

प्रवीण आमरे, बलविंदरसिंग संधू, चंद्रकांत पंडित, लालचंद राजपूत, अजित आगरकर, रमेश पोवार अशी शिष्यांची मालिका मोठी आहे. त्यांतील अनेकजण स्वतःच प्रशिक्षक झाले, याकडे फारसे लक्ष दिले जात नाही. पंडित यांनी मुंबई व विदर्भ या संघांना रणजी करंडक मिळवून दिला आणि २०२२ मध्ये मध्य प्रदेशास प्रथमच तो मान लाभला. राजपूत २००७ च्या टी-ट्वेंटी विश्वविजेत्या भारतीय संघासमवेत व्यवस्थापक म्हणून होते.

शासनाने १९९० मध्ये द्रोणाचार्य पुरस्काराने आणि २०१० मध्ये पद्मश्रीने सरांचा गौरव केला. २ जानेवारी २०१९ रोजी त्यांचे निधन झाले. अंत्ययात्रेत सचिनने खांदा दिला, मुलांनी बॅटी उंचावून मानवंदना दिली. शासकीय इतमाम मात्र त्यांना लाभला नाही आणि त्याबद्दल तेव्हा उघड नाराजी व्यक्त झाली. ३ डिसेंबर २०२४ रोजी, सरांच्या जयंतीदिनी, शिवाजी पार्कवर त्यांच्या स्मारकाचे अनावरण सचिनच्या हस्ते झाले. त्या समारंभास कांबळीही उपस्थित होते.

१९८८ च्या त्या ६६४ धावांच्या भागीदारीत आणखी एक मुलगा पॅड बांधून आपल्या पाळीची वाट पाहत बसला होता. त्याची पाळी आली नाही. पुढे प्रथम श्रेणीत अकरा हजारांहून अधिक धावा करूनही भारतीय संघाचे दार त्याच्यासाठी उघडले नाही. त्याचे नाव अमोल मुझुमदार. २ नोव्हेंबर २०२५ रोजी नवी मुंबईत भारतीय महिला संघाने दक्षिण आफ्रिकेस नमवून एकदिवसीय विश्वचषक जिंकला, तेव्हा त्या संघाचे प्रशिक्षक हेच मुझुमदार होते. विजयानंतर मैदानावर कर्णधार हरमनप्रीत कौर हिने वाकून त्यांच्या पायांना स्पर्श केला.