करवीरचे आरमार

खेळाच्या पडद्यावर आरमार लढविणाऱ्या एका कुमाराने परवा मला मोठ्या उत्साहाने सांगितले, "फादर, माझी सगळी जहाजे बुडाली. आता पुन्हा पहिल्यापासून!" त्या 'पुन्हा पहिल्यापासून'ने मी विचारात पडलो, कारण घाटमाथ्याच्या अलीकडे, समुद्रापासून दूर वसलेल्या या कोल्हापूरलाही एके काळी आरमार होते, आणि ते गेले ते कायमचे.

आरमार चालविणे म्हणजे केवळ तोफा डागणे नव्हे, हे शिवाजी महाराजांनी ओळखले होते. १६६४ साली त्यांनी मालवणजवळच्या बेटावर सिंधुदुर्गाची पायाभरणी केली, ती गलबतांना हक्काचा आसरा हवा म्हणून. १६७९ साली मुंबईच्या तोंडाशी असलेल्या खांदेरी बेटावर तटबंदी सुरू होताच इंग्रजांनी वेढा घातला. ऑक्टोबरच्या लढाईत दौलतखानाच्या गलबतांनी एक इंग्रज गुराब पकडला. पण 'रिव्हेंज' या मोठ्या जहाजाने त्यांना मागे रेटले. त्या दिवसाचा निकाल पाहता इंग्रज सरस ठरले, असेच कोणीही म्हणेल. परंतु वल्ह्यांनी चालणाऱ्या लहान होड्या रात्रीच्या अंधारात बेटावर रसद पोहोचवीत राहिल्या. अखेर १६८० च्या आरंभी इंग्रजांनी वेढा उठविला. लढाई नव्हे, तर बेट राखणे हा हेतू होता. आणि हेतू विसरला नाही तोच खरा सेनानी.

पुढे ताराबाईंच्या पक्षात असलेले सरखेल कान्होजी आंग्रे बाळाजी विश्वनाथांच्या शिष्टाईने शाहू महाराजांकडे गेले. करवीर गादीचा मोठा सागरी आधार गेला. सिंधुदुर्ग मात्र तिच्याकडे राहिला. कान्होजींनी १७२१ साली इंग्रज व पोर्तुगीज यांचा कुलाब्यावरील संयुक्त हल्ला परतविला. पण १७५६ च्या फेब्रुवारीत विजयदुर्गाच्या बंदरात तुळाजी आंग्र्यांचे आरमार जळाले. एका जहाजाला लागलेली आग दाटीने नांगरलेल्या साऱ्या जहाजांत पसरली. सरखेल तेव्हा आपल्या जहाजांवर नव्हते. ते पेशव्यांच्या छावणीत अडकले होते. आणि इंग्रजांना या मोहिमेत साथ होती ती पेशव्यांचीच.

त्याचे मोल करवीरलाही मोजावे लागले. नऊच वर्षांनी, १७६५ साली, इंग्रजांनी सिंधुदुर्ग घेऊन त्याला 'फोर्ट ऑगस्टस' हे नाव दिले. तो सांभाळणे परवडेना, तेव्हा रक्कम घेऊन त्यांनी तो जिजाबाईंच्या करवीर दरबारास परत केला. परंतु १८१२ च्या तहाने मालवणचे बंदर व किल्ला कायमचे इंग्रजांकडे गेले. दोन भाऊबंद गाद्यांच्या वैरात जी किनारपट्टी विस्कळीत झाली, ती अशी तिसऱ्याच्या हाती पडली.

वाचकहो, जहाजे शत्रूच्या तोफांनी बुडतात हे खरे. पण बंदराचे दार बहुधा आतूनच उघडले जाते. विजयदुर्गी जळलेल्या आरमाराला पुन्हा पहिल्यापासून डाव मांडता आला नाही. आमच्या कुमाराने खेळ अवश्य खेळावा. फक्त एकदा सिंधुदुर्गाच्या तटावर उभे राहून ती रिकामी खाडीही पाहावी.