खून की सदोष मनुष्यवध : एका सीमारेषेची कुळकथा

माडाच्या हद्दीवरून दोन घरांत जुंपली, हातातला कोयता फिरला आणि एकजण दगावला. असा खटला ओरोसच्या जिल्हा व सत्र न्यायालयात उभा राहिला, तर वार कोणी केला यावर कदाचित वादही होणार नाही. वकिलांची खरी झुंज लागेल ती ‘तीनशेदोन’ म्हणजे खून की ‘तीनशेचार’ म्हणजे सदोष मनुष्यवध यावर. 1 जुलै 2024 पासून जुन्या दंडसंहितेच्या जागी भारतीय न्याय संहिता लागू झाली आणि हीच कलमे 103 व 105 झाली. आकडे बदलले, मधली रेघ जागच्या जागी राहिली. पहिल्या बाजूला फाशी किंवा जन्मठेप. दुसऱ्या बाजूला हेतू असेल तर जन्मठेप किंवा पाच ते दहा वर्षे, नुसती जाणीव असेल तर दहा वर्षांपर्यंत कैद.

माणूस मेला तो मेलाच. मग मारणाऱ्यांत भेद का करायचा? हा प्रश्न फार जुना आहे आणि त्याला प्रत्येक काळाने वेगळे माप लावले. कौटिल्याच्या अर्थशास्त्रात हे माप दिवसांचे आहे. भांडणात जागीच ठार केले तर हालहाल करून मृत्युदंड. जखमी सात रात्रींच्या आत मेला तर साधा मृत्युदंड, पंधरवड्यात मेला तर सर्वांत मोठा दंड, महिन्याभरात मेला तर पाचशे पण आणि औषधोपचाराचा खर्च. मृत्यू जितका लांबला, तितका तो मारणाऱ्याच्या हातून सुटत गेला.

इंग्लंडमध्येही जखमेनंतर एक वर्ष आणि एक दिवस उलटला, की तो मृत्यू मारणाऱ्याच्या माथी येत नसे. हा नियम तिथे थेट 1996 मध्ये गेला. पण तिथली मुख्य फाळणी झाली ती एका चमत्कारिक सवलतीमुळे. धर्मगुरूंना राजाच्या न्यायालयाची फाशी चुकवता येई, आणि पुढे ज्याला बायबलमधले स्तोत्र वाचता येई तो धर्मगुरूच, असे धरले जाऊ लागले. सोळाव्या शतकात कायद्याने ही पळवाट आधी ठरवून मारणाऱ्यांपुरती बंद केली. भांडणाच्या भरात मारणाऱ्याला ती उरली : त्याने ओळ वाचावी, अंगठ्यावर डाग घ्यावा आणि सुटावे. वाचता येण्याची अट पुढे गेली. ठरवून केलेला वध आणि भरात झालेला वध हा भेद मात्र कायम झाला.

हा भेद इंग्रजांबरोबर इकडे आला. ओरोसजवळचे मालवण 1812 पासून इंग्रजांकडे होते. मुंबई इलाख्याला 1827 मध्ये एल्फिन्स्टनची नियमावली मिळाली. मेकॉलेच्या आयोगाने सबंध हिंदुस्थानासाठी दंडसंहितेचा मसुदा 1837 मध्ये दिला, पण तो बासनात पडून राहिला. कायदेपंडित बार्न्स पीकॉकने त्यावर हात फिरवला, 1860 मध्ये कायदा मंजूर झाला आणि 1 जानेवारी 1862 पासून लागू झाला. त्यात आधी सदोष मनुष्यवधाची व्याख्या आली, कलम 299 मध्ये. खून हा त्याचाच अधिक गंभीर प्रकार म्हणून कलम 300 मध्ये. म्हणजे प्रत्येक खून हा सदोष मनुष्यवध असतो. प्रत्येक सदोष मनुष्यवध मात्र खून नसतो.

दोन्ही व्याख्या इतक्या लगटून होत्या, की त्यांची उकल मुंबई उच्च न्यायालयाला करावी लागली. 1876 मधला गोविंदाचा खटला. अठरा वर्षांच्या नवऱ्याने पंधरा वर्षांच्या बायकोला पाडले, छातीवर गुडघा रोवला आणि तोंडावर दोन-तीन जबर ठोसे मारले. मेंदूत रक्तस्राव होऊन ती मेली. दोन न्यायमूर्तींचे एकमत होईना, म्हणून प्रकरण न्यायमूर्ती मेल्व्हिल यांच्याकडे गेले. त्यांनी मृत्यूची शक्यता किती दाट होती, हे माप धरले. मर्मावर मूठ किंवा काठी बसली तर माणूस मरण्याचा संभव असतो. तिथेच तलवार बसली तर तो मरणारच, असे सामान्यतः धरता येते. गोविंदाला खुनी न ठरवता सात वर्षे काळे पाणी झाले.

‘मला मारायचे नव्हते’ एवढे म्हणून मात्र सुटका नाही. 1958 मध्ये विरसा सिंगच्या खटल्यात पोटात भाल्याचा एकच वार होता. सर्वोच्च न्यायालयाचे न्यायमूर्ती व्हिव्हियन बोस यांनी ठरवले, की ती जखम करण्याचा हेतू सिद्ध झाला की पुरे. ती प्राण घेण्यास पुरेशी होती का, हे वैद्यकीय पुराव्यावरून पाहायचे. रागाच्या भरात मारले, या सबबीलाही मुदत असते. मुंबईतल्या नानावटी खटल्यात पत्नीने परपुरुषाशी संबंधांची कबुली दिल्यापासून नवऱ्याने त्या पुरुषावर गोळ्या झाडेपर्यंत काही तास गेले होते. राग निवायला एवढा वेळ पुरे, असे म्हणून सर्वोच्च न्यायालयाने 1961 मध्ये खुनाची शिक्षा कायम केली.

दिवसांचे जुने माप पुरते गेलेले नाही. माणूस वाचला, तर साधी दुखापत आणि जबर दुखापत यांतली एक कसोटी आजही दिवसांचीच आहे : तीव्र वेदना, किंवा रोजचे व्यवहार बंद पडणे. जुन्या संहितेत त्याला वीस दिवस लागत, नव्या संहितेत पंधरा.

म्हणून माडाच्या भांडणात कोयता झाप तोडताना हातातच होता की घरात जाऊन आणला, घाव मानेवर बसला की दंडावर, आणि पहिल्या शिवीपासून वारापर्यंत किती वेळ गेला, हे पंचनाम्यात, जबाबात आणि शवविच्छेदन अहवालात पहिल्याच दिवशी नीट उतरले पाहिजे. तिथे ते सुटले, तर दीडशे वर्षांचे निवाडे समोर ठेवूनही न्यायाधीशाला रेघ नेमकी ओढता येत नाही.