शेंबूड मेंदूतून येतो का?

हसू नका, पण युरोपातले वैद्य हजार-दीड हजार वर्षं याचं उत्तर 'हो' असंच देत होते. दुसऱ्या शतकातल्या गेलनचं म्हणणं असं, की मेंदूतला टाकाऊ द्रव नाकाच्या छताच्या चाळणीसारख्या हाडातून खाली झिरपतो. पिट्युटरी ग्रंथीचं नावसुद्धा कफाच्या लॅटिन शब्दावरून पडलंय! साहजिकच कफावर उपचार म्हणजे 'डोकं साफ करणं': शिंका आणणारी पूड नाकात ओढायची.

१६६० च्या सुमारास विटेनबर्गच्या कॉनराड श्नायडरने ते हाड नीट तपासलं. कवटीत भोकं दिसतात खरी, पण शरीरात ती वासाच्या मज्जातंतूंनी आणि पडद्यांनी बुजलेली असतात. म्हणजे वाटच बंद! कफ तयार होतो तो नाकाच्या अस्तरातच. पुढे १८३४ मध्ये पुर्किन्ये आणि व्हॅलेंटिन यांनी श्वासमार्गातल्या सूक्ष्म केसांची हालचाल दाखवली. हेच केस कफ बाहेर ढकलतात. कफ पातळ करून बाहेर काढायचा, हा आजचा उपचार या समजुतीवर उभा आहे.

भोक दिसलं म्हणजे वाट असतेच असं नाही. तुमच्या विषयात असं कुठलं भोक सगळे वाट समजून चाललेत? प्रपोजल लिहायच्या आधी तेवढं शोधा.