हॉर्नफेल्सी वयन

संस्पर्शी रूपांतरणाने बनलेल्या खडकांतील घट्ट, सूक्ष्मकणी, दिशाहीन कणरचना. तप्त शिलारस शेजारच्या खडकात घुसला की उष्णतेने तेथील खनिजांचे पुन्हा स्फटिकीभवन होते. एका बाजूने दाब पडत नसल्याने कण विशिष्ट दिशेने मांडले जात नाहीत. ते जवळपास सारख्या आकाराचे होऊन एकमेकांत घट्ट बसतात आणि तीन कण भेटतात तेथे सुमारे १२०° चे कोन होतात. म्हणून असा खडक पाटीच्या दगडासारखा पापुद्र्यांनी सुटत नाही. हातोड्याने फोडावा तर धारदार, शिंपल्यासारख्या वळणाचा तुकडा निघतो. अशा खडकाच्या ‘हॉर्नफेल्स’ या जर्मन नावाचा अर्थ ‘शिंगासारखा खडक’ असा आहे. मूळ खडक शेल असल्यास कॉर्डिएराइट, अँडलुसाइट व कृष्णाभ्रक आढळतात. खनिजशास्त्रज्ञ व्ही. एम. गोल्डश्मिट यांनी १९११ मध्ये ओस्लो परिसरातील अशा खडकांचे खनिजांवरून वर्गीकरण केले. रूपांतरणाच्या अभ्यासाला त्यामुळे नवी दिशा मिळाली.

हा खडक सर्वत्र उघडा दिसत नाही. उदाहरणार्थ, लखनौच्या तेलीबागेत तो सापडणार नाही. रायबरेली रस्त्यावरची ही वस्ती गंगेच्या मैदानातील जाड गाळावर आहे. तेथे उपमा मिळते ती वीटभट्टीची, जरी भट्टीतल्या मातीला खडकाइतके मुरायला वेळ मिळत नाही. महाराष्ट्रात लाव्ह्याच्या दोन थरांमधील तांबडी माती वरच्या थराच्या उष्णतेने काही ठिकाणी भाजलेली दिसते. पण तिला हॉर्नफेल्स म्हणणे अतिशयोक्ती होईल.