कानांनी पाहिलेला खेळ

मंडळी, क्रिकेटचा सामना रेडिओवर ऐकलाच नाही असा माणूस आपल्याकडे विरळा. चहाच्या हॉटेलात फळीवर एक रेडिओ, त्याच्याभोवती वीस डोकी, आणि रस्त्याने जाणारा वाटसरू थांबून विचारतो आहे, “किती झाले हो?” हे दृश्य आपल्या ओळखीचे आहे. मुंबईच्या चौरंगी सामन्यांत 1934 साली ए. एफ. एस. तल्यारखान यांनी धावते वर्णन सुरू केले. दिवसभर ते एकटेच बोलत. पुढे बाळ ज. पंडितांसारख्यांनी तोच खेळ मराठीत घरोघर पोचवला.

पण हे वेड काही एकट्या आपले नव्हे, बरं का! आपल्या आधी तेरा वर्षे ते अमेरिकेत सुरू झाले होते. तिथला खेळ बेसबॉल. आज त्याचीच हकिगत आपण पाहणार आहोत. ही गोष्ट नुसत्या खेळाची नाही. जो खेळ डोळ्यांसाठी होता तो कानांसाठी कसा झाला, आणि मैदानावर जे घडते त्याची बातमी कोणाच्या मालकीची, असे दोन प्रश्न तिच्यात गुंतलेले आहेत.

आधी खेळ थोडक्यात समजून घेऊ. गुरुजींनी फळ्यावर एक चौकोन काढावा, एका कोपऱ्यावर उभा केलेला. खालच्या कोपऱ्याला म्हणतात होम प्लेट. तिथे फलंदाज उभा राहतो. उरलेले तीन कोपरे म्हणजे पहिला, दुसरा आणि तिसरा बेस. प्रत्येक दोन कोपऱ्यांत 90 फुटांचे अंतर. चौकोनाच्या मध्याजवळ, होम प्लेटपासून 60 फूट 6 इंचांवर चेंडू फेकणारा उभा असतो, त्याचे नाव पिचर. चेंडू टप्पा न पडता थेट येतो. फलंदाजाने तो मारायचा आणि तिन्ही बेसना शिवून घरी परत यायचे, की झाली एक धाव. चेंडू थेट कुंपणापार गेला तर होम रन, म्हणजे आपला षटकारच म्हणा. तीनदा चुकला तर फलंदाज बाद. तीन गडी बाद झाले की दुसऱ्या संघाची पाळी. असे नऊ डाव. दर संघात नऊ खेळाडू.

या खेळात एका चेंडूनंतर दुसरा चेंडू यायला काही क्षण जातात. पिचर टोपी नीट करतो, खुणा पाहतो, मग फेकतो. प्रेक्षकाला ही वेळ कधी कंटाळवाणी वाटते, पण बोलणाऱ्याला ती वरदान ठरली. तेवढ्यात तो सांगू शकतो की बेसवर कोण उभे आहे, वारा कुठून वाहतो आहे, मागच्या खेपेला या फलंदाजाने काय केले होते. म्हणूनच बेसबॉल आणि रेडिओ यांची जोडी जमली.

ही जोडी पहिल्यांदा जमली ती 5 ऑगस्ट 1921 रोजी, पिट्सबर्ग शहरात. के-डी-के-ए हे तिथले केंद्र. 2 नोव्हेंबर 1920 रोजी राष्ट्राध्यक्षांच्या निवडणुकीचे निकाल सांगून त्याने आपले काम सुरू केले होते. या केंद्रावरचे हॅरॉल्ड आर्लिन हे वेस्टिंगहाउस कारखान्यातले तंत्रज्ञ. त्यांनी टेलिफोनचाच मायक्रोफोन केला आणि फोर्ब्स फील्ड या मैदानावर, होम प्लेटच्या मागे, प्रेक्षकांत जाऊन बसले. पिट्सबर्गने फिलाडेल्फियाला 8 विरुद्ध 5 असे हरवले. बोलायची पद्धत शिकवायला कोणी नव्हते, कारण आर्लिनच्या आधी हे काम कोणी केलेच नव्हते.

त्याच वर्षी न्यूयॉर्कमध्ये जागतिक मालिकेचे सामने झाले. नेवार्क गावचे केंद्र ते सामने ऐकवीत होते. मैदानावरून एक बातमीदार टेलिफोनवर सांगे, आणि टॉमी कोवान नावाचा निवेदक कारखान्याच्या गच्चीवरल्या खोपटात बसून तेच पुन्हा मायक्रोफोनमध्ये म्हणे. त्याने सामन्याचा एक चेंडूही पाहिला नाही. तरी ऐकणाऱ्यांना मैदान दिसले!

आता वळू या मालकांकडे. व्यावसायिक बेसबॉलचा प्रत्येक संघ ही एक पेढी असते, आणि त्या काळी तिचे मुख्य उत्पन्न म्हणजे दारावरची तिकिटे. मालक म्हणू लागले, “माणसाला घरबसल्या फुकट ऐकायला मिळाले, तर तो पैसे टाकून मैदानावर कशाला येईल?” आपल्याकडच्या तमाशाच्या कनातीवाल्यालाही हीच शंका आली असती. शंका खोटी म्हणता येत नाही.

पण शिकागोत च्युइंग गमचे कारखानदार विल्यम रिग्ली यांनी उलटा डाव टाकला. त्यांचा संघ कब्ज. त्यांनी केंद्रांना मैदानाची दारे मोकळी केली. 1927 साली त्यांच्या मैदानावर दहा लाखांहून अधिक प्रेक्षक आले. नॅशनल लीगमध्ये एवढी गर्दी कोणत्याही संघाने तोवर पाहिली नव्हती. सारे श्रेय रेडिओला देऊ नये. संघ चांगला खेळत होता, आणि वरचा नवा सज्जाही बांधला गेला होता. परंतु रेडिओने गर्दी आटत नाही, एवढे तरी त्यावरून दिसले.

न्यूयॉर्कच्या तीन संघांना मात्र हे पटले नाही. 1934 ते 1938 अशी पाच वर्षे त्यांनी आपसात करार करून आपल्या मैदानावरून वर्णन बंद ठेवले. देशातले सर्वांत मोठे शहर, पण तिथल्या आजारी माणसाला, दुकानात अडकलेल्या कामगाराला, आपल्याच गावचा सामना ऐकता येईना.

ज्या केंद्रांना मैदानावर जाता येत नसे किंवा परवडत नसे, त्यांनी वेगळी युक्ती काढली. मैदानावरून तारेने त्रोटक खुणा येत. स्टुडिओत बसलेला निवेदक त्या खुणांवरून अख्खा सामना रंगवी. लाकडावर लाकूड आपटले की चेंडू मारल्याचा आवाज निघे. गर्दीच्या गोंगाटाची तबकडी मागे चालू असे. आयोवा राज्यातल्या डे मॉइन गावच्या केंद्रावर रोनाल्ड रेगन नावाचा तरुण हे काम करी. एकदा ऐन रंगात तार तुटली. आता करायचे काय? त्याने फलंदाजाला चेंडूमागून चेंडू बाहेर टोलवायला लावले. तार जोडली जाईपर्यंत कितीतरी मिनिटे तो फलंदाज बिचारा तसाच टोलवत राहिला! हा किस्सा रेगन स्वतः मोठ्या चवीने सांगत. पुढे ते 1981 ते 1989 अमेरिकेचे राष्ट्राध्यक्ष होते.

किस्सा गमतीचा आहे, पण त्यात एक बोचरी गोष्ट आहे. ऐकणाऱ्याने विश्वास टाकलेला असतो. त्याला दिसत नाही, म्हणून तो सांगणाऱ्याच्या शब्दावर चालतो. त्या विश्वासाचे ओझे सांगणाऱ्याने वाहायला हवे.

मालकीचा प्रश्न 1938 साली न्यायालयात गेला. पिट्सबर्गच्या संघाने वर्णनाचे हक्क पैसे घेऊन विकले होते. तिथल्या के-क्यू-व्ही या दुसऱ्या केंद्राने काय केले, तर मैदानाबाहेर कुंपणावरून आत दिसेल अशी जागा भाड्याने घेतली, तिथे माणसे बसवली आणि त्यांनी पाहिलेला खेळ ऐकवायला सुरुवात केली. केंद्राचे म्हणणे असे, की आम्ही आत पाऊल टाकले नाही, जे उघड्यावर दिसले ते सांगितले. संघाचे म्हणणे, खेळाडूंचे पगार आम्ही देतो, मैदान आमचे, तेव्हा खेळ चालू असताना त्याच्या बातमीवरचा हक्कही आमचाच. न्यायालयाने संघाची बाजू उचलून धरली आणि केंद्राला मनाई केली. आज क्रीडाप्रक्षेपणाच्या हक्कांसाठी जगभर प्रचंड रकमा मोजल्या जातात. त्या व्यवहाराची एक जुनी पायरी या निकालात सापडते.

1939 साली न्यूयॉर्कची कोंडी फुटली. ब्रुकलिनच्या डॉजर्स संघाचा कारभार लॅरी मॅकफेल यांच्याकडे आला होता. त्यांनी करार मोडीत काढला आणि सिनसिनाटीहून रेड बार्बर नावाचा निवेदक आणला. बार्बर दक्षिणेकडचा, बोलणे संथ आणि गोड. ब्रुकलिनच्या गल्लीतून चालत गेले तर घराघराच्या खिडकीतून त्याचा आवाज येई आणि खेळाचा एक चेंडूही चुकत नसे, असे जुने लोक सांगत.

बार्बरची एक सवय शिक्षकांनी ध्यानात ठेवण्याजोगी आहे. अंडी उकडताना वापरतात तसले तीन मिनिटांचे वाळूचे घड्याळ तो समोर ठेवी. वाळू खाली आली की गुणसंख्या सांगायची आणि घड्याळ उलटे करायचे. कारण रेडिओ आत्ताच लावलेला कोणीतरी असतोच, आणि “किती झाले?” हे त्याला विचारता येत नाही.

याच बार्बरवर एक कसोटीचा प्रसंग आला. मोठ्या बेसबॉल संघांत सुमारे साठ वर्षे काळ्या माणसाला प्रवेश नव्हता. तसा लेखी नियम नव्हता, पण अलिखित रीत नियमाहून कडक होती. आपल्याला अशा रिती काही नव्या नाहीत. 1945 साली डॉजर्सचे प्रमुख ब्रँच रिकी यांनी बार्बरला विश्वासात घेऊन सांगितले, की मी काळा खेळाडू आणणार आहे. बार्बर मिसिसिपीत जन्मलेला, फ्लोरिडात वाढलेला, वेगळेपणाच्या संस्कारात मुरलेला. नोकरी सोडून द्यावी असे त्याच्या मनात आले, आणि घरी जाऊन त्याने पत्नीला तसे बोलूनही दाखवले. पण तो थांबला, आणि स्वतःशीच झगडला. शेवटी त्याने ठरवले, की माझे काम मैदानावर काय घडते ते सांगण्याचे, तेवढे मी प्रामाणिकपणे करीन.

15 एप्रिल 1947 रोजी जॅकी रॉबिन्सन ब्रुकलिनच्या मैदानात उतरला. त्याने चेंडू मारला तर मारला, चुकला तर चुकला, असे बार्बरने इतर खेळाडूंसारखेच त्याचे वर्णन केले. रेडिओवर कातडीचा रंग दिसत नाही. दिसते ती फक्त धाव! समतेचे भाषण न करता समतेने बोलणे हीही एक मोठी गोष्ट आहे, मंडळी.

आता खेड्यांकडे येऊ. मोठे संघ मोठ्या शहरांत. मग शेकडो मैलांवरचा शेतकरी ऐके कसा? याचे उत्तर आकाशात आहे. मध्यम लहरी दिवसा जमिनीलगत थोड्या अंतरापर्यंत जातात. रात्री मात्र वातावरणाच्या वरच्या विद्युतभारित थरावरून त्या परत फिरतात आणि फार लांब जाऊन पडतात. आपल्याकडेही रात्री काटा फिरवताना दूरचे केंद्र अचानक लागते ना, ते यामुळेच. सेंट लुइसचे के-एम-ओ-एक्स हे 50 किलोवॅटचे केंद्र. तिथून कार्डिनल्स संघाचे सामने रात्री कितीतरी राज्यांत ऐकू जात. ज्यांनी ते शहर कधी पाहिले नाही, असे शेतकरी त्या संघाला आपला म्हणू लागले. ‘आपल्या गावचा संघ’ याची हद्द लहरींनी आखली.

1954 साली खिशात मावणारा ट्रान्झिस्टर बाजारात आला. 1958 साली डॉजर्स संघ लॉस एंजेलिसला गेला आणि ऑलिंपिकच्या प्रचंड क्रीडांगणात खेळू लागला. तिथे मागच्या रांगेतून नीट दिसेना, म्हणून प्रेक्षक ट्रान्झिस्टर घेऊनच येत. समोर सामना, आणि कानाला विन स्कली यांचा आवाज! स्कली 1950 ते 2016 अशी 67 वर्षे याच संघासाठी बोलले. 1959 पासून त्याच संघाचे वर्णन हाइमे हारिन स्पॅनिश भाषेत करू लागले आणि 2022 पर्यंत करीत राहिले. मातृभाषेत ऐकलेला खेळ किती जवळचा होतो, हे मराठी वर्णन ऐकलेल्यांना वेगळे सांगायला नको.

दूरचित्रवाणी आली, पुढे इंटरनेट आले, तरी हे वर्णन संपले नाही. एका हंगामात प्रत्येक मोठा संघ 162 सामने खेळतो, म्हणजे जवळजवळ रोज एक. रोज तीन तास पडद्यासमोर कोण बसणार? गाडी हाकताना, गोठा झाडताना, स्वयंपाक करताना ऐकता येते. 2021 साली टोरांटोच्या संघाचे वेगळे रेडिओवर्णन बंद झाले आणि दूरचित्रवाणीचाच आवाज रेडिओवर सोडला गेला. पण पडद्यावर दिसते ते सांगायची गरज तिथल्या निवेदकाला नसते, आणि कानावरच विसंबणारा श्रोता चाचपडतो. श्रोत्यांनी नाराजी व्यक्त केली, आणि 2022 साली रेडिओसाठी पुन्हा स्वतंत्र निवेदक आला.

तेव्हा ऐकावे कसे? जुन्या अमेरिकन घरांत मुले कागद-पेन्सिल घेऊन बसत. चौकोन काढायचा, कोण कुठल्या बेसवर आहे त्याची खूण करायची, दर डावाची धाव मांडायची. गुरुजी, आपल्या शाळेत हे क्रिकेटच्या किंवा कबड्डीच्या वर्णनावर करून पाहा. दहा मिनिटे ऐकवा, मुलांना मैदान कागदावर उतरवू द्या, मग एकमेकांचे कागद ताडून पाहा. दुसऱ्या दिवशी उलट करा. शाळेच्या पटांगणावर सामना चालू असताना एका मुलाला त्याकडे पाठ करून बसवा आणि दुसऱ्याला सांगायला लावा. सांगणाऱ्याच्या ध्यानात येईल, की नुसते “अरे, बघ बघ!” म्हणून भागत नाही. कोण, कुठे, काय, किती हे सांगावेच लागते. आणि पाठ करून बसलेल्याला कळेल, की आपण दुसऱ्याच्या डोळ्यांवर केवढा भरवसा टाकतो.

सामना संपल्यावर त्याला वळून फळ्यावरचे गुण पाहू द्या. त्याने कागदावर मांडलेले गुण तेच निघाले, तर सांगणाऱ्याला शाबासकी द्यायला विसरू नका.