बाराच्या आत बोहल्यावर

जून १९१३. न्यू यॉर्कमधल्या एका लहानशा चित्रगृहात तुम्ही दाटीवाटीनं बसला आहात. पडद्याशेजारी पियानो वाजू लागतो आणि एका रिळाचा मूकपट सुरू होतो, 'मॅट्रिमनीज स्पीड लिमिट'.

फ्रॉनी शेअर बाजारात पार बुडालाय. वाग्दत्त वधू मॅरियन श्रीमंत, ती पैसे पुढे करते. पण बायकोच्या पैशावर जगायचं नाही म्हणून हा पठ्ठ्या लग्नच मोडतो. मॅरियन हातपाय गाळत नाही. ती एक खोटी तार धाडते: आज दुपारी बाराच्या आत लग्न केलंस तर मोठा वारसा तुझा.

आता तो घड्याळ काढतो आणि धावत सुटतो. रस्त्यात दिसेल त्या बाईला मागणी! त्याची ती धांदल बघून तुमच्या पोटात दुखायला लागतं. मग तोंडावर जाळी घेतलेली एक बाई भेटते. जाळी वर होते, बाई कृष्णवर्णीय निघते, तो मागे सरून पळतो. चित्रगृह खदखदतं. तुमचं हसू मात्र तिथंच विरतं. इतक्या देखण्या चित्रपटाला लागलेला हा डाग आहे आणि तो पुसून टाकता येत नाही.

ही धावपळ जिनं रचली ती आलिस गी-ब्लाशे हडसनपलीकडे, फोर्ट लीला आहे. १८९६ पासून ती चित्रपट करतेय. तिथला काचेच्या छपराचा सोलॅक्स स्टुडिओ तिनंच उभारलेला. आत नटांसाठी ठळक अक्षरांत पाटी आहे, 'सहज वागा'. गेल्याच महिन्यात मुंबईत, गिरगावच्या कॉरोनेशनमध्ये फाळक्यांचा 'राजा हरिश्चंद्र' लागला. त्यात तारामतीचं काम करायला बाई मिळाली नाही, म्हणून साळुंके नावाचे नट लुगडं नेसले. इकडे मात्र एक बाई कॅमेऱ्यामागे उभी राहून पुरुषाला पळवतेय. म्हणूनच बहुधा मॅरियनची अक्कल एवढी लखलखीत उतरलीय.

इकडे पडद्यावर फ्रॉनी हताश होऊन भर रस्त्यात आडवा पडतो. समोरून येणारी मोटार थांबते. आत मॅरियन, सोबत धर्मगुरू! लग्न तिथंच, रस्त्यावर उरकतं. नंतर तारेचं खरं कळतं तेव्हा तो भडकतो, निघून जायला वळतो. मग मॅरियनकडे बघतो आणि विरघळतो. तुमच्या पुढच्या रांगेतल्या दोघी बायकांनी तोवर टाळ्यांचा कडकडाट सुरू केलाय.